निम्मे पैसे गौरी-गणपतीला

कोल्हापूर शहरात आणि आसपासच्या गावांत पत्र्याची शेड, कौलं आणि वॉटरप्रूफिंगची कामं करणाऱ्या माझ्या सर्व भावांना खुलं पत्र.

मंडळी, नमस्कार.

अक्षय्य तृतीया झाली, वळवाचे दोन तडाखे बसून गेले. आता मृग लागेपर्यंत आपल्याला धड जेवायलाही सवड मिळणार नाही. एका साईटवर वेल्डिंग चालू असतं, तोवर दुसऱ्याचा फोन येतो, "पाऊस लागायच्या आत तेवढं करून द्या." मलाही तेच फोन येताहेत. तरी एक रात्र काढून हे लिहितोय. गेल्या पावसाळ्यात ऐकलेलं एक वाक्य डोक्यातून जात नाही.

फुलेवाडीच्या बाजूला एका म्हाताऱ्या जोडप्याचं घर आहे. मुलगा पुण्याला. स्लॅब गळतो म्हणून त्यांनी मे महिन्यात वर पत्रा मारून घेतला होता. काम आपल्यातल्याच कुणाचं तरी. कुणाचं ते मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही, आणि इथंही ते महत्त्वाचं नाही. जुलैतल्या तरण्या पावसात घर पुन्हा गळायला लागलं. मी गेलो तेव्हा वरच्या खोलीत अकरा भांडी मांडली होती. पातेली, परात, रंगाचा डबा, नातवाची लहानपणीची बादली. आजी म्हणाल्या, "पत्रं बसवताना चौघंजण आलती. आता फोन उचलायला एकजण न्हाई."

मी वर चढलो. काय दिसलं असेल ते तुम्हाला सांगायची गरज नाही, पण आज सांगणार आहे. घराचं आढं पूर्व-पश्चिम. पत्रा टाकायला सुरुवात केली होती पश्चिमेकडून, म्हणजे प्रत्येक जोडाचं तोंड पश्चिमेला उघडं. आपला पाऊस येतो तिकडूनच. वारा पाण्याला धरून थेट जोडाच्या आत ढकलत होता. स्क्रू तिरके गेलेले. काही इतके आवळलेले की रबराचा वॉशर चेपून बाहेर आलेला, काही इतके सैल की बोटानं फिरावेत. कडेला ग्राइंडरनं कापलेलं, तिथला रंग जळून गेलेला. कापताना उडालेला चुरा झाडलाच नव्हता, त्यामुळं निळ्या पत्र्यावर तांबूस ठिपक्यांची रांगच्या रांग उठली होती. दोन महिन्यांत. खिशातला मायक्रोमीटर काढून जाडी बघितली. आजींनी पैसे दिले होते ०.५० मिलिमीटरचे, वर पडला होता ०.४० चा पत्रा.

माझे वडील शाकारणी करायचे. पन्हाळा तालुक्यात कळे, बाजारभोगाव या पट्ट्यातली घरं त्यांच्याकडं असायची. पाडवा झाला की ते बाहेर पडायचे आणि रोहिणी निघायच्या आत सगळी घरं उरकायचे. मी दहा-बारा वर्षांचा असल्यापासून खाली उभा राहून कौलं झेलायचो. एका मंगलोरी कौलाचं वजन अडीच किलोच्या आसपास, दिवसभर झेलली की रात्री मूठ मिटायची नाही. वडील अनवाणी चढायचे. पाय ठेवायचे तो कौल रिपेवर टेकतं तिथंच, मधे कधीच नाही. शेवाळ केरसुणीनं खरवडायचं, उंदरांनी केलेली घाण काढायची, फुटकं कौल बदलायचं, कुजलेली रीप काढून नवी ठोकायची. आणि काम संपल्यावर एक गोष्ट न चुकता. भर दुपारी घरात जायचे, दारं-खिडक्या लावून घ्यायचे आणि अंधारात उभे राहून वर बघायचे. जिथं कवडसा दिसेल तिथं खालून काठी लावायची, वर बसलेल्या माणसानं ते कौल सरकवायचं. शेवटचा कवडसा बुजेपर्यंत दार उघडायचं नाही.

पैशाचा रिवाज मात्र मला लहानपणी कळायचा नाही. निम्मे पैसे शाकारणी झाल्यावर, निम्मे गौरी-गणपतीला. तोपर्यंत तरणा-म्हातारा दोन्ही पाऊस होऊन गेलेले असायचे. घर गळलं असेल तर वडील भर पावसात पोतं पांघरून जायचे, मोकळे हात हलवत परत यायचे, आणि गणपतीत उरलेले पैसे आणायला जायचे. कधी कुणी पैसे बुडवले असं त्यांच्या तोंडून ऐकलं नाही. कधी कुणाच्या फोनला उत्तर दिलं नाही असंही झालं नाही, फोनच नव्हते. घरं ठरलेली होती. पुढच्या वर्षी त्याच घराच्या आढ्यावर चढायचं होतं.

मंगलोरी कौलांचा कारखाना बासेल मिशनच्या लोकांनी मंगळूरला १८६५ मध्ये काढला. तिथून ती कौलं किनाऱ्यानं आणि घाटानं आपल्याकडं आली, आणि कुंभाराची नळीची कौलं हळूहळू मागं पडली. मग नाळीचा जस्ती पत्रा आला, सिमेंटचा पत्रा आला, स्लॅब आला, आता रंगीत पत्रा आलाय. मला जुन्याचं रडगाणं गायचं नाही. रंगीत पत्रा चांगला माल आहे. गगनबावड्यासारख्या ठिकाणी वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस होतो, तिथंसुद्धा नीट बसवलेला पत्रा टिकतो. आपल्या शहरात तर साधारण हजारभर मिलिमीटर. एवढा पाऊस अडवता येत नसेल तर दोष मालाचा नाही.

दोष कुठं आहे ते आपल्या सगळ्यांना माहीत आहे. आधी जाडीचं बोलतो.

रंगीत पत्र्याची जाडी दोन प्रकारे सांगतात. एक टोटल थिकनेस, म्हणजे लोखंड, त्यावरचा जस्त-ॲल्युमिनियमचा थर आणि वरचा रंग, सगळं धरून. दुसरी नुसत्या लोखंडाची. ०.५० टोटलच्या पत्र्यात लोखंड असतं ०.४२-०.४४ च्या आसपास. इथपर्यंत काही चूक नाही. पण गिऱ्हाइकाला हा फरक कुणी सांगत नाही, आणि त्या न सांगण्याच्या आडोशाला ०.५० म्हणून ०.४५, ०.४५ म्हणून ०.४० खपतो. दर पाडून काम घ्यायचं आणि फरक पत्र्यातून काढायचा. स्क्वेअर फुटाचा दर दोन रुपयांनी कमी लावणाऱ्याला काम मिळतं, आणि खरा माल टाकणारा हात चोळत बसतो. सहा-सात वर्षांपूर्वी मीसुद्धा दोन कामांत हे केलंय. गिऱ्हाइकाला कळलं नाही. ती दोन्ही घरं मला अजून माहीत आहेत, आणि त्या रस्त्यानं जाताना मी वर बघतो.

विचार करा, हे कुठं चाललंय. शिवाजी उद्यमनगर, शिरोली, गोकुळ शिरगाव. या गावानं ऑइल इंजिनं केली, आज इथलं कास्टिंग देशभर जातं. लेथवरचा पोरगा जॉब दोन शतांश मिलिमीटरनं चुकवला तर रिजेक्शनची शिवी खातो. त्याच गावात, त्याच गल्लीत बसून आपण दहा शतांशाचं खोटं बोलतो, आणि संध्याकाळी तोच लेथवाला पोरगा त्या पत्र्याखाली झोपायला जातो.

गिऱ्हाइकाकडं मायक्रोमीटर नसतो, पण काटा असतो. चार फुटी कॉइलमधून (पत्र्याच्या गुंडाळीतून) काढलेला १२ फुटी पत्रा खऱ्या ०.५० चा असेल तर १५ ते १६ किलो भरतो. ०.४० चा १२ ते साडेबारा भरतो. कोटिंगप्रमाणं थोडं इकडंतिकडं होईल, पण तीन किलोचा फरक लपत नाही. हे मी इथं मुद्दाम लिहितोय, कारण हे पत्र तुमच्याबरोबर तुमचं गिऱ्हाईकही वाचेल, आणि वाचावंच. ज्याचा माल खरा आहे त्यानं आपणहून काटा पुढं ठेवावा. चांगल्या कंपनीच्या पत्र्याच्या पाठीवर नाव आणि माहिती छापलेली असते, ती गिऱ्हाइकाला दाखवून मगच पत्रा वर चढवावा. बिलावर 'कलर पत्रा' एवढंच न लिहिता कंपनी, टोटल जाडी, लोखंडाची जाडी आणि चौरस मीटरला कोटिंग किती ग्रॅम, हे लिहावं. पक्कं बिल म्हटलं की १८ टक्के जीएसटी आला, आणि तिथंच दोघांचंही मन कच्च्या बिलाकडं वळतं. पण कच्च्या बिलावर कंपनीची वॉरंटी उभी राहत नाही. रंग उडाला, पत्रा सडला, तर गिऱ्हाइकानं दाखवायचं काय?

बसवण्याबद्दल थोडंच लिहितो, कारण तुमच्यापैकी बहुतेकांना हे माझ्यापेक्षा चांगलं येतं. येत असून वेळ वाचवायला आपण ते टाळतो, दुखणं तिथं आहे. पूर्वेकडून सुरुवात करून पश्चिमेकडं येत राहिलं की वरच्या पत्र्याची कड पूर्वेला राहते, पाऊस तिच्यावरून निघून जातो. त्याला एक रुपया जास्त लागत नाही, फक्त शिडी दुसऱ्या टोकाला लावावी लागते. वळवाचा वारा ओढतो तो सगळ्यात जास्त कडेला आणि कोपऱ्यांवर. तिथं स्क्रू दुप्पट हवेत. आपण मात्र सगळीकडं एकाच मापानं मारत जातो. मग वळीव आला की पत्रा उडतो, आणि लोक वर दगड, टायर, जुनं जातं ठेवतात. पेठांमधून कुठल्याही उंच गच्चीवर उभं राहून बघा, किती छपरं दगडांवर भरवसा ठेवून आहेत. तो दगड गल्लीत कुणाच्या डोक्यात पडला तर जबाबदारी कुणाची, याचा विचार करून मला झोप येत नाही. ग्राइंडरचं म्हणाल तर पत्रा कात्रीनं किंवा निबलरनं (पत्रा कुरतडत कापणाऱ्या हत्यारानं) कापायचा. अगदीच इलाज नसेल तर जमिनीवर कापायचा, आणि काम संपल्यावर मऊ झाडूनं वरचा सगळा चुरा काढूनच खाली उतरायचं. दहा मिनिटांचं काम आहे.

आता स्लॅबचं. वॉटरप्रूफिंगवाल्या भावांनो, तुमच्यावर जास्त राग निघतो लोकांचा, तो सगळा खरा नाही. पूर्वीचा ब्रिकबॅट कोबा, म्हणजे विटांच्या तुकड्यांचा आणि सिमेंटचा थर, नीट उतार देऊन केलेला असला की वीस-वीस वर्षं हलायचा नाही. त्याला पाच-सहा दिवस लागायचे आणि चांगला गवंडी लागायचा. आता सकाळी झाडून दुपारी पांढरं केमिकल फासायचं, संध्याकाळी पैसे. ओल्या स्लॅबवर फासलेलं केमिकल पहिल्या उन्हात फुगतं, आणि त्या फोडांखाली पाणी साठतं. पाणी स्लॅबच्या मधून फारसं येतही नाही, ते येतं कठड्याच्या जोडातून, पाइप जिथं बाहेर पडतो तिथून, टाकीच्या पायाखालून. ते शोधायला आउटलेट बंद करून गच्चीवर दोन इंच पाणी दोन दिवस साठवून बघावं लागतं. मे महिन्यात पाण्याची तंगी असते, कबूल. पण न बघता फासणं म्हणजे ताप किती आहे ते न मोजता गोळी देणं.

आणि आपण पत्रेवाले काय सांगतो? "स्लॅब गळतोय? वर शेड मारून टाका." सोपं काम, चांगले पैसे. मीही सांगितलंय. पण शेडचे खांब उभे करायला आपण त्याच स्लॅबला बोल्ट मारतो, आणि बाजूनं झड आत येतच राहते. आतली सळी गंजत राहते, गंजली की फुगते, आणि एक दिवस छताचा ढलपा खाटेवर पडतो. वर शेड आहे म्हणून वर्षानुवर्षं कुणी बघितलेलंच नसतं. सोलरचंही आता तेच व्हायला लागलंय. पीएम सूर्यघर योजनेत ३ किलोवॅटला ७८ हजार रुपयांपर्यंत अनुदान मिळतं, लोक आनंदानं बसवतात, बसवायलाच हवं. पण पॅनेलच्या पायांसाठी भोकं पाडणाऱ्याला खाली कोबा आहे की नाही याची फिकीर नसते. त्याच्याबरोबर एक दिवस आपल्यातला माणूस उभा राहिला तर किती घरं वाचतील.

आणखी एक गोष्ट, जी आपण गिऱ्हाइकाला सांगत नाही. नवीन इमारतीचा फ्लॅट असेल आणि ताबा घेऊन पाच वर्षं झाली नसतील, तर रेरा (स्थावर संपदा नियमन) कायद्याच्या कलम १४ प्रमाणं बांधकामातला दोष बिल्डरनं कळवल्यापासून तीस दिवसांत फुकट दुरुस्त करून द्यायचा असतो. त्यात कामाच्या दर्जातला दोषही येतो. रेरात नोंद असलेल्या प्रकल्पाचा माणूस आपल्याला बोलवत असेल, तर आधी हे सांगायचं आणि मग काम घ्यायचं. काम जाईल. जाऊ दे.

आता जे लिहायचं ते लिहायला मला सगळ्यात जड जातंय.

माझ्या साईटवर एक पोरगा पडला. गोठ्याचा जुना सिमेंटचा पत्रा काढून नवा टाकायचा होता. पाऊस होऊन गेलेला, पत्र्यावर शेवाळ. मी खाली चहा सांगत होतो. तो दोन पर्लिनच्या, म्हणजे पत्र्याखालच्या आडव्या आधारांच्या, मधे पाय ठेवून वळला आणि पत्रा कडकन मोडला. आवाज मला अजून ऐकू येतो. चौदा फूट. खाली दगडी गव्हाण. जीव वाचला, पण कमरेखालचं अंग परत आलं नाही. वय तेवीस. दोन फळ्या टाकून त्यावरून चालायला लावलं असतं तर तो आज माझ्यापेक्षा चांगलं काम करत असता. फळ्या टेम्पोत होत्या. बेल्ट नव्हताच. कामगार मंडळाकडं त्याची नोंदही मी केली नव्हती. बांधकाम कामगारांसाठी १९९६ पासून कायद्यानं सोय आहे. १८ ते ६० वयाचा, वर्षात ९० दिवस काम केलेला कुणीही महाराष्ट्र इमारत व इतर बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडं नोंद करू शकतो. त्या ९० दिवसांचा दाखला द्यायचा असतो आपण. एक सही. ती मी दिली नव्हती. त्याच्या आईनं मला आजवर एक शब्द वाईट बोललेला नाही, आणि ते मला सहन होत नाही.

सिमेंटच्या पत्र्याचं आणखी एक. जुन्या पत्र्यात ॲस्बेस्टॉस असतं. त्याची धूळ फुप्फुसात गेली की कितीतरी वर्षांनी कॅन्सर होऊ शकतो, हे जागतिक आरोग्य संघटना सगळ्याच प्रकारच्या ॲस्बेस्टॉसबद्दल सांगते. आपल्याकडं तो पत्रा अजून विकला जातो. तो वापरावा की नाही हे सरकारनं ठरवावं, पण तो ग्राइंडरनं कापायचा नाही हे आपण आजपासून ठरवू शकतो. काढताना पाणी मारायचं, बोल्ट सोडवून अख्खा खाली घ्यायचा, हातोड्यानं फोडायचा नाही, कोरडं झाडायचं नाही. २०१९ आणि २०२१ च्या महापुरानंतर पडलेल्या घरांच्या ढिगाऱ्यांतून लोकांनी हेच तुकडे हातानं उचलून रस्त्याकडेला टाकले. पोरं त्यावर खेळत होती. आपण त्या वेळी मदतीला होतो, आणि आपल्यालाही ते सुचलं नाही.

मला संघटना काढायची नाही, कुणावर बहिष्कार टाकायचा नाही. एवढंच मागतो की या वर्षापासून आपण वडिलांच्या पिढीचा व्यवहार परत आणूया. निम्मे पैसे मागं ठेवा असं म्हणणार नाही. लोखंडाचे दर, मजुरी, डिझेल, उधारी, सगळं मला ठाऊक आहे. दहा टक्के ठेवा. बिलावर तसं लिहून द्या की ही दहा टक्के रक्कम गणपतीनंतर द्यावी, घर गळलं नसेल तर. आणि पहिला मोठा पाऊस झाला की न बोलावता एकदा जाऊन या. शिडी लावा, वर बघा, स्क्रू आवळा, पन्हळीत अडकलेली पानं काढा. अर्ध्या तासाचं काम आहे. ज्या गिऱ्हाइकाकडं तुम्ही न बोलावता जाता, तो तुमचा दर पुन्हा कधी दुसऱ्याशी ताडून बघत नाही. मी दोन वर्षं करून बघितलंय. दहा टक्के बुडवणारे भेटले, दोघंजण. बाकी सगळ्यांनी दिले.

आयटीआयच्या मंडळींनाही एक विनंती. तुमच्याकडं वेल्डर, सुतार, प्लंबर, गवंडी तयार होतात. छपराच्या कामाला या चौघांचंही थोडं थोडं लागतं, आणि ते एकत्र शिकवणारं आमच्या पोरांना कुणी नाही. ती टेम्पोच्या मागं बसून येतात आणि पहिल्या दिवशी वर चढतात. उन्हाळ्याआधी पंधरा दिवसांचा वर्ग घ्या. उंचीवर कसं चालायचं, बेल्ट कुठं अडकवायचा, जोड कुठल्या बाजूला ठेवायचा. शिकवायला मी येईन, पैसे नकोत.

फुलेवाडीच्या त्या घराचं काम मी दिवाळीनंतर केलं. सगळा पत्रा काढला, चांगला होता तेवढा गोठ्यासाठी खाली ठेवला, बाकी भंगारात. स्लॅबवर आधी पाणी साठवून बघितलं, तर गळत होतं टाकीच्या पायाखाली, ते वेगळं बंद केलं. नवा पत्रा त्यांच्यासमोर काट्यावर ठेवला. आजोबांनी चष्मा लावून आकडा वाचला आणि वहीत लिहून ठेवला. काम झाल्यावर भर दुपारी मी दार लावून शेडमध्ये उभा राहिलो. दोन ठिकाणी कवडसा दिसला, तिथं आतून काठी लावली आणि वर बसलेल्या पोराला हाक मारली.

त्या कामाचे दहा टक्के अजून आजींकडं आहेत. परवा फोन केला तर म्हणाल्या, मिरगाचा पाऊस पडला की बघून जा, आणि पैसं गौरी येतील त्या दिवशी न्या, भाजी-भाकरी खाऊनच जायचं.

तुमचाच,
उद्यमनगरातला एक पत्रेवाला